सहस्रधारेला नेलेला भोंगा

पेटी उलटी ठेवली गेली आहे, हे मानपूरचा घाट उतरताना लक्षात आलं. पेटीच्या कडेला खडूनं काढलेला बाण खाली रोखलेला होता. भेरूलालनं मेटाडोर बाजूला घेतली. नामदेवकाकांनी फळ्यांच्या फटीतून आत पाहिलं.

"कसा आहे?" डॉक्टरांनी विचारलं.

"तो सरळ आहे. पेटी उलटी आहे."

तळाला अंथरलेली ओली गोणपाटं आता छताला होती आणि ठिबकत होती. आतल्या जनावराला ते पसंत पडलेलं दिसत होतं. डॉक्टर म्हणाल्या, राहू दे. पेटी नर्मदेपर्यंत उलटीच गेली.

आत एक पाणमांजर होतं. वर्षभराचं, नर, आईविना वाढलेलं. त्याला आम्ही महेश्वरजवळच्या सहस्रधारेला सोडायला निघालो होतो. इंदूरहून महेश्वरला कसं जावं, असं या ब्लॉगवर अनेकजण विचारतात. मी पहिल्यांदा गेले ती अशी.

ही गोष्ट नव्वदनंतरच्या पहिल्या काही वर्षांतली. आमच्या भागातली मिल बंद होऊन दुसरी दिवाळी होती. नामदेवकाका हे माझ्या बाबांचे मित्र. दोघं सूतखात्यात होते. बंद झाल्यावर बाबांनी पोलोग्राउंडला एका वर्कशॉपमध्ये नोकरी धरली. काका रोज सकाळी मिलच्या गेटवर जात राहिले. तिथं ते आणि आणखी काही जण बाकावर बसत. मिल पुन्हा सुरू झाली तर आपण हजर असावं, एवढंच त्यामागं होतं.

गेटवर हातानं फिरवायचा एक भोंगा होता. लढाईच्या काळातला, लोखंडी, बसक्या हंड्याएवढा. मिलचा खरा भोंगा वाफेवर चालायचा, आणि बॉयलर थंड पडला होता. म्हणून काका पाळीच्या वेळेला हा भोंगा फिरवत. सकाळी सात, दुपारी तीन, रात्री अकरा. रविवारी सुट्टी. आत कुणी जायचं नाही, बाहेर कुणी यायचं नाही. पण आमच्या गल्लीत सातच्या भोंग्यावर दूध गॅसवर चढायचं आणि पोरं शाळेला निघायची, त्यामुळे कुणी हरकत घेतली नाही.

पाणमांजर आणलं भेरूलालनं. तो नर्मदेची मासळी इंदूरच्या बाजारात आणायचा. जलकोटी गावात एका केवटाच्या जाळ्यात एक मादी अडकून मेली होती आणि काठावर पिल्लू ओरडत होतं. केवटानं ते मासळीच्या टोपलीत ठेवून दिलं. बाजारात कुणी घेतलं नाही. महूला डॉ. वानखेडे जनावरांच्या डॉक्टर होत्या, आजोबांपासून घर फौजेतलं. त्यांनी ते घेतलं, वनखात्याची परवानगी काढली, बाटलीनं दूध पाजून जगवलं. ते मासे खाऊ लागल्यावर पाणी हवं झालं. स्वच्छ, खोल, शांत पाणी अख्ख्या इंदुरात मिलच्या हौदात होतं. ते कुणी वापरत नव्हतं, म्हणून पिल्लू तिथं आणलं.

डॉक्टरांनी गेटवरच्या माणसांना नियम घालून दिले. हात लावायचा नाही. बोलायचं नाही. नाव ठेवायचं नाही. माणसाची सवय लागली की हा नदीत जगणार नाही. काठावर माणूस दिसला की जवळ येईल, आणि काठावरची सगळी माणसं तुमच्यासारखी नसतात.

नियम काटेकोर पाळले गेले. नाव ठेवलं नाही. मिलमध्ये कायम कामगार आला नाही की त्याच्या जागी ज्याला घेतात त्याला बदली म्हणतात. ते त्याला बदली म्हणू लागले. डॉक्टरांनी विचारलं तेव्हा काका म्हणाले, "हे नाव नाही, डॉक्टर. हुद्दा आहे."

डॉक्टर दर रविवारी महूहून येत. रविवारी बदली कमी खातो, असं त्यांच्या लक्षात आलं होतं. आपण अनोळखी आहोत म्हणून असेल, असं त्यांनी धरलं.

मी तेव्हा कॉलेजात मराठी शिकवत होते. दिवाळीची सुट्टी होती. बाबा म्हणाले, "तू सोबत जा. नामदेव एकटा गेला तर तिथंच बसून राहील. त्याला परत आण." पाणमांजराबद्दल त्यांनी काही सांगितलं नाही. ते डॉक्टर बघतील.

भाऊबीज झाली आणि आम्ही निघालो. राऊच्या चौकात पोहे-जिलेबी खाल्ली. तिथं नव्या विलायती कोल्ड्रिंकची लाल पाटी लागली होती आणि खाली उसाच्या रसाचं गाडं. भेरूलाल म्हणाला, "भिया, मेरा छोटा भाई पिथमपूर में लग गया. गाडी बनाता है. मैं चलाता हूँ, वो बनाता है." काका म्हणाले, "पक्की नोकरी?" "ठेके पे." काका म्हणाले, "म्हणजे बदली." मागं पेटीत खरखर झाली.

महूला डॉक्टर चढल्या. महूनंतर मानपूर, मग घाट, मग गुजरी, धामनोद. आज हा रस्ता चौपदरी आहे आणि तुम्ही दोन तासांत पोचाल. तेव्हा आमची सकाळ गेली. घाटात सीताफळंवाल्या बसतात. तिथंच घ्या, खाली उतरल्यावर भाव वाढतो. धामनोदला दाल-बाफले मिळतात, म्हणजे तुपात बुडवलेले कणकेचे जड गोळे. बाफले खाऊन लगेच प्रवास करू नये असं म्हणतात. आम्ही केला. म्हणतात ते बरोबर आहे.

जलकोटीच्या खाली नर्मदा खडकांच्या पट्ट्यावर येते आणि फुटते. शेकडो धारा होतात, म्हणून सहस्रधारा. काळे खडक, मध्ये खोल डोह, पलीकडे झाडी. डॉक्टरांनी जागा आधीच पाहून ठेवली होती. खडकांच्या एका शांत चरात बांबू आणि जाळी लावून त्यांनी वाडा करवून घेतला होता. बदलीनं इथं काही दिवस राहायचं, नदीचा वास घ्यायचा, नदीचे मासे धरायचे. मग दार उघडायचं. भेरूलाल पेटी उतरवून मासळी घेऊन परत गेला.

आम्ही उतरलो ते सुंदरबाईंकडे. ज्या केवटाच्या जाळ्यात मादी मेली, त्याची ही बायको. नवरा दिवसभर होडीवर असायचा. सुंदरबाई निमाडीत बोलायच्या आणि आमचं बोलणं त्यांना समजायचं. मासे त्याच पुरवायच्या. पहिल्याच संध्याकाळी म्हणाल्या, "म्हारा छोरा खाय दाळ, न तुम्हारी बिल्ली खाय मच्छी." डॉक्टरांनी पैसे पुढं केले. "नी चाहिए," त्या म्हणाल्या. "इनी माय म्हारा जाळ म मरी थी." आणि मासे घेऊन आल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी जिवंत मासे चरात सोडले. बदली पाण्यात उतरला, मासे अंगाला घासून गेले, तो बाहेर आला आणि खडकावर बसून आमच्याकडे बघत राहिला. डॉक्टर झुडपामागं लपून पाहत होत्या. ऊन वर आलं. त्यानं एकही मासा धरला नाही.

"बीमार तर नाही ना?" डॉक्टर म्हणाल्या. "हौदात तर पकडायचा. काका, तिथं कसं खायचा?"

"असंच. सोडले की धरायचा."

"मग इथं काय झालं?"

काका म्हणाले, "अजून सातचा भोंगा नाही झाला."

डॉक्टरांनी मान वळवली.

"कुठला भोंगा?"

काका सुंदरबाईंच्या ओसरीवर गेले आणि गोणपाटात गुंडाळलेला भोंगा घेऊन आले. तो मेटाडोरमधून आमच्या सोबत आला होता. मला वाटलं होतं, ते वजन त्यांच्या कपड्यांचं आहे. त्यांनी तो खडकावर ठेवला, पाय रोवले आणि दांडा फिरवला. आवाज पाण्यावरून पलीकडच्या झाडीपर्यंत गेला. सुंदरबाईंच्या शेळ्या पळाल्या. बदली पाण्यात शिरला आणि तोंडात मासा घेऊन वर आला.

डॉक्टर खडकावर बसल्या.

"मी सांगितलं होतं, बोलू नका," त्या म्हणाल्या.

"कुणी बोललं नाही, डॉक्टर. शपथ घेतो. एक शब्द नाही."

"आणि भोंगा?"

"भोंग्याशिवाय पाळी कशी सुरू होणार?" काका म्हणाले. त्यांना खरोखरच समजत नव्हतं की यात विचारण्यासारखं काय आहे.

रविवारी तो कमी का खायचा, तेही डॉक्टरांना तेव्हा समजलं.

मग त्यांनी जे सांगितलं ते सरळ होतं. महेश्वरच्या घाटावर डिझेलच्या होड्या येतात, त्यांना हॉर्न आहेत. सडकेवर ट्रक आहेत. भोंग्यासारखं काही वाजलं की हा काठावर येऊन उभा राहील. काठावर कुत्री आहेत, आणि जाळी फाडतो म्हणून काठीनं मारणारे लोक आहेत. आणि कुठलाच भोंगा वाजला नाही तर उपाशी बसेल. असा प्राणी सोडता येत नाही. परत न्यायचा आणि जन्मभर पिंजऱ्यात ठेवायचा, दुसरं काही नाही. वाड्यासाठी वनखात्याची दहा दिवसांची परवानगी होती.

संध्याकाळी काकांना घेऊन मी महेश्वरला गेले. महेश्वर पाहायचं तर संध्याकाळीच पाहा. घाटाच्या पायऱ्या दिवसभर तापतात आणि अंधार पडेपर्यंत ऊब देतात. काका घाटावर आले नाहीत. ते एका विणकराच्या दारात उभे राहिले. आत हातमाग चालू होता. विणकर म्हणाला, "आओ बाबूजी, देखो." काकांनी धागा दोन बोटांत धरला.

"सूत कुठलं?"

"बाहर से आता है. साउथ से."

"पहले?"

"पहले आपके इंदौर से."

काकांनी धागा सोडला. "किनार चांगली आहे," ते म्हणाले आणि बाहेर आले. परतीच्या टेम्पोनं आम्ही जलकोटीला आलो. उतरताना म्हणाले, "मिल एकदम बंद नाही होत."

हेच ते डॉक्टरांना चुलीपाशी पुन्हा म्हणाले.

"मतलब?" डॉक्टर म्हणाल्या.

"आधी तिसरी पाळी गेली. मग दुसरी. पहिली राहिली. तिचा भोंगा व्हायचा, माणसं यायची, आत कापूस नसायचा. साहेब पायऱ्यांवर येऊन हात दाखवायचे. असे." त्यांनी दोन्ही तळवे पुढं धरले. "परत जायचं. दुसऱ्या दिवशी परत भोंगा. परत तसंच. माणूस किती दिवस येतो?"

डॉक्टर म्हणाल्या, "म्हणजे भोंगा वाजवायचा आणि खायला द्यायचं नाही."

"आणि मासे सोडायचे भलत्या वेळेला. भोंग्याविना. पोट भरायला दुसरी जागा मिळाली की कोण येतो? हिचे बाबा नाही का गेले पोलोग्राउंडला." हे माझ्याकडे बोट करून.

"तुम्ही अजून जाता, काका," मी म्हणाले.

"मी माणूस आहे," काका म्हणाले. "तो शहाणा असेल."

सुंदरबाईंनी भाकरी उलटली. "इनी मिल चलती कसी थी?" त्या मला म्हणाल्या.

तसं ठरलं. भोंगा काकांनीच वाजवायचा, कारण भोंग्यापाशी बदलीनं कायम त्यांनाच पाहिलं होतं. अकराचा भोंगा पहिल्या दिवसापासून बंद झाला. मग तीनचा. सातचा राहिला. काका आंघोळ करून, इन केलेला शर्ट घालून खडकावर उभे राहत आणि दांडा फिरवत. बदली येई. मागच्या पायांवर उभा राही आणि त्यांच्या हातांकडे पाही. काका दोन्ही तळवे दाखवत. तो तसाच उभा राही. काकाही. नदीचा आवाज असे. मग तो बसून शीळ घालत असे, बारीक, पुन्हा पुन्हा. भुकेलं पिल्लू आईला तशी शीळ घालतं, हे डॉक्टरांनी मला सांगितलं. काकांना सांगितलं नाही.

दोन दिवस त्यानं जवळजवळ काही खाल्लं नाही. काकांनीही खाल्लं नाही, पण त्यांनी पोटाचं कारण दिलं. बाफल्यांवर ढकललं.

तिसऱ्या दुपारी सुंदरबाई काही न सांगता टोपली घेऊन गेल्या आणि मासे चरात ओतून आल्या. मी झुडपामागं होते. बदली बराच वेळ पाण्यात डोकं घालून तरंगत राहिला. एक मासा समोरून गेला. दुसरा गेला. तिसऱ्याच्या मागं तो गेला. खडकावर येऊन त्यानं तो डोक्याकडून खाल्ला, कुडुम कुडुम, आणि इकडंतिकडं पाहिलं. कुठं काही वाजलं नव्हतं. मग तो पुन्हा आत गेला.

पुढं सातच्या भोंग्याला तो येई, पण सावकाश. मग अर्ध्या वाटेपर्यंत. एक दिवस पाण्यातूनच पाहिलं. एक दिवस काकांनी भोंगा वाजवला तेव्हा तो पाठीवर पडून पोटावर मासा ठेवून खात होता. त्यानं कान हलवला, एवढंच. काकांनी सवयीनं तळवे दाखवले. बघायला कुणी नव्हतं.

त्याच दुपारी डॉक्टरांनी जाळीचं दार काढलं. तो लगेच गेला नाही. दारात बसला, अंग चाटलं, बाहेर गेला, आत आला. चहा प्यायला आम्ही ओसरीवर गेलो आणि परत आलो तर वाडा रिकामा होता.

शेवटची परीक्षा राहिली होती. ती डॉक्टरांनी आधीच सांगून ठेवली होती. दार काढल्यावर एक दिवस जाऊ द्यायचा, मग सकाळी सातला भोंगा पूर्ण जोरात वाजवायचा. आला तर पकडायचा आणि परत न्यायचा. पेटी खडकावर ठेवली होती, या वेळी बाण वर करून. भेरूलालही गाडी घेऊन हजर होता.

"जोरात, काका," डॉक्टर म्हणाल्या. "उगाच हळू नका वाजवू."

"भोंगा हळू वाजत नाही," काका म्हणाले.

त्यांनी दांडा फिरवायला सुरुवात केली. आवाज चढला, खडकांवर आदळला, परत आला. आम्ही पाणी बघत होतो. मी पेटीकडे पाहत नव्हते. पलीकडच्या खडकांच्या मागून शीळ आली. मग दुसरी, वेगळ्या जागेहून. मधल्या डोहात डोकी वर आली, चपटी, ओली, एकाजवळ एक. त्यातलं एक आमच्याकडे वळलं आणि वळलेलं राहिलं.

काका फिरवत होते.

ते डोकं खाली गेलं. पलीकडच्या काठाजवळ वर आलं, बाकीच्यांमध्ये. मग कुठलं कुठलं ते सांगता येईना. मग कुणीच दिसेना.

"बस, काका," डॉक्टर म्हणाल्या. "झालं. नाही आला."

काका फिरवत होते. त्यांच्या शर्टाची पाठ भिजली होती. भेरूलाल हळूच म्हणाला, "बाबूजी, हो गया. छुट्टी हो गई उसकी." मी जाऊन दांड्यावर हात ठेवला. काकांचा हात त्याखाली होता. दांडा आणखी थोडा फिरला, वजनानं फिरतो तसा, आणि आवाज उतरत उतरत थांबला.

"तोच होता का?" काकांनी विचारलं.

"तोच," डॉक्टर म्हणाल्या.

त्यांना ते कुठून समजलं, हे मी तेव्हा विचारलं नाही आणि नंतरही नाही.

परतताना मानपूरला सीताफळं घेतली. महूला डॉक्टर उतरल्या. काका पुढं भेरूलालच्या शेजारी बसले होते. मागं रिकामी पेटी आणि भोंगा. इंदूर येईपर्यंत पाट्यांचे दिवे लागले होते. काकांना त्यांच्या दारापर्यंत सोडून मी बाबांना सांगितलं, "आणलं." बाबांनी मान हलवली.

आता सहस्रधारेला गेलात तर नदीला पाणी किती आहे ते आधी विचारून घ्या. खालच्या धरणाचं पाणी चढतं तेव्हा खडकांचा बराच भाग बुडतो आणि धारा दिसत नाहीत. मिलचा हौद बुजवला गेला. सुंदरबाईंच्या घराशेजारी आता चहाची टपरी आहे. भजी चांगली असतात. पाणमांजरं दिसतात का, हा प्रश्न मला नेहमी येतो. सकाळी लवकर जा, शांत बसा, काही वाजवू नका. मी त्यानंतर अनेकदा गेले. दोनदा दिसली. मला त्यातलं एकही ओळखता आलं नाही, आणि माझ्याजवळ कुणी आलं नाही. सहलीतून काय मिळालं असं विचारलंत तर हेच.

आम्ही परत आलो त्याच्या दुसऱ्या दिवशी शाळा उघडणार होत्या. काका आले म्हणजे भोंगाही आला, असं गल्लीनं धरलं होतं. सकाळी सातला तो वाजला नाही. दूध उशिरा तापलं, बाबांची बस चुकली आणि आमच्या गल्लीतली सगळी पोरं उशिरा आली म्हणून शाळेत उभी केली गेली. मी काकांच्या घरी जाऊन पाहिलं. भोंगा खाटेखाली होता. काका खाटेवर झोपले होते.